वॉशिंग्टनमधला आवाज आणि बगदादमधला सलाम

आमच्या अभ्यासवर्तुळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मध्यंतरी एक जुनी चित्रफीत पुन्हा फिरू लागली. अमेरिकन सिनेटच्या एका उपसमितीची सुनावणी. वर अध्यक्षांच्या जागी बसलेले सिनेटर, समोर टेबलाशी बसलेला एक ब्रिटिश खासदार. खणखणीत स्कॉटिश उच्चार, चेहऱ्यावर भीतीचा लवलेश नाही. आरोपी म्हणून बोलावलेला हा माणूस पाहता पाहता फिर्यादी होतो आणि इराक युद्धाचा जाब महासत्तेच्या प्रतिनिधींना त्यांच्याच घरात विचारतो.

चित्रफितीखाली एका मुलाने लिहिले होते, "सर, आपल्याला असा एक तरी नेता का मिळत नाही?"

मी लगेच उत्तर दिले नाही. कारण १७ मे २००५ ला जेव्हा ही सुनावणी झाली, तेव्हा मी कॉलेजात होतो आणि हाच प्रश्न मलाही पडला होता. सायबर कॅफेत अडखळत चालणारी ती चित्रफीत मी दोनदा पाहिली होती. ११ सप्टेंबरनंतरची ती वर्षे होती. अफगाणिस्तान झाले होते, इराक जळत होते, आणि आमच्यासारख्या मुलांना आपले म्हणणे कुणी तरी मोठ्या आवाजात मांडावे असे फार वाटत होते. जॉर्ज गॅलोवे यांनी ते मांडले. त्या दिवसापासून ते आम्हाला 'आपले' वाटू लागले.

त्यानंतरच्या वर्षांत त्यांच्या कारकिर्दीचे बरेच चढउतार पाहिले. आज त्या मुलाला उत्तर द्यायचे तर मला नुसती ती चित्रफीत पुरत नाही. पूर्ण माणूस सांगावा लागेल.

गॅलोवे यांचा जन्म १९५४ चा, स्कॉटलंडमधल्या डंडी शहरातला. हे शहर एकेकाळी बंगालमधून येणाऱ्या तागावर जगत होते. घर कामगारांचे, आयरिश मुळांचे, कॅथलिक. शाळा संपल्यावर त्यांनी टायरच्या कारखान्यात काम केले. कोवळ्या वयात मजूर पक्षात गेले आणि तिशीच्या आतच स्कॉटलंडमधल्या पक्षाचे अध्यक्ष झाले. पॅलेस्टाईनचा प्रश्न त्यांना मुस्लिम मतदारांनी शिकवला नव्हता, हे लक्षात ठेवायला हवे. १९७० च्या दशकातच ते या प्रश्नाशी जोडले गेले. १९८० मध्ये डंडी आणि नाब्लुस या शहरांचे भगिनी-शहर म्हणून नाते जुळले, त्यामागच्या खटपटीत ते पुढे होते. डंडीत तेव्हा मुस्लिम मतांच्या जोरावर कुणी निवडून येण्यासारखी स्थिती नव्हती. म्हणजे ही भूमिका मतांसाठी घेतलेली नव्हती, एवढे श्रेय त्यांना मोकळ्या मनाने द्यावे लागेल.

'वॉर ऑन वाँट' या गरिबीविरोधी संस्थेचे सरचिटणीसपद सांभाळून ते १९८७ मध्ये ग्लासगोच्या हिलहेड मतदारसंघातून खासदार झाले. हरवले ते रॉय जेनकिन्स यांना. जेनकिन्स हे माजी गृहमंत्री, माजी अर्थमंत्री. मातब्बराला आव्हान देऊन पाडायची ही हातोटी पुढेही दिसत राहिली.

आता इराककडे येऊ. १९९० मध्ये सद्दाम हुसेन यांनी कुवेत गिळले आणि संयुक्त राष्ट्रसंघाने इराकवर कडक निर्बंध लादले. युद्ध संपले, निर्बंध मात्र राहिले. दवाखान्यांत औषधे नाहीत, पाणी शुद्ध करायची यंत्रे दुरुस्त करायला सुटे भाग नाहीत. शिक्षा राजवाड्यापर्यंत पोहोचत नव्हती, ती वस्त्यांमध्ये पोहोचत होती. संयुक्त राष्ट्रसंघाचे इराकमधले मानवतावादी समन्वयक डेनिस हॅलिडे यांनी १९९८ मध्ये या धोरणाच्या निषेधार्थ राजीनामा दिला. त्यांच्या जागी आलेले हान्स फॉन स्पोनेक यांनीही २००० मध्ये तेच केले. या काळात ब्रिटिश संसदेत इराकी मुलांबद्दल सातत्याने बोलणारे जे थोडे होते, त्यांत गॅलोवे होते. १९९८ मध्ये रक्ताचा कर्करोग झालेल्या मरियम नावाच्या इराकी चिमुरडीला उपचारासाठी ग्लासगोला आणले गेले. तिच्याच नावाने त्यांनी 'मरियम अपील' ही मोहीम उभारली. १९९९ मध्ये लंडनहून बगदादपर्यंत एक लाल दुमजली बस घेऊन गेले, जगाचे लक्ष वेधायला.

२००३ मध्ये टोनी ब्लेअर यांनी देश युद्धात ओढला. गॅलोवे यांनी स्वतःच्या पक्षाच्या पंतप्रधानावर इतक्या जळजळीत शब्दांत हल्ला केला की ऑक्टोबर २००३ मध्ये मजूर पक्षाने त्यांना काढून टाकले. ज्या पक्षात तारुण्य गेले तो पक्ष गेला, पण त्यांनी भूमिका सोडली नाही. त्याच वर्षी 'डेली टेलिग्राफ'ने बगदादमध्ये सापडलेल्या कागदांच्या आधारे त्यांच्यावर सद्दामकडून पैसे घेतल्याचे आरोप छापले. त्यांनी अब्रुनुकसानीचा दावा लावला आणि डिसेंबर २००४ मध्ये जिंकला. भरपाई दीड लाख पौंड. वर्तमानपत्राने न्यायालयात आरोप खरे आहेत असा बचाव केलाच नव्हता, बातमी छापणे लोकहिताचे होते एवढाच केला होता. 'ख्रिश्चन सायन्स मॉनिटर'लाही माफी मागावी लागली, कारण त्यांनी ज्या कागदांवर विश्वास ठेवला ते बनावट निघाले.

सिनेटमधल्या त्या सुनावणीमागे ही सारी तयारी होती. मुलांना त्या चित्रफितीत फक्त आवेश दिसतो. मला आता त्यातला गृहपाठ दिसतो. कुठल्या कागदावर काय लिहिले आहे, कोणती तारीख चुकली आहे, कोणत्या आरोपाला पुरावा नाही, हे त्यांना पाठ होते. मी सद्दामला जितक्या वेळा भेटलो तितक्याच वेळा डोनाल्ड रम्सफेल्डही भेटले, पण ते शस्त्रे विकायला गेले होते, असे ते म्हणाले तेव्हा तो टोला बसला, कारण रम्सफेल्ड १९८३ मध्ये बगदादला गेले होते हे जगाला माहीत होते. उपसमितीने नंतरही आरोप मागे घेतले नाहीत. गॅलोवे यांनी माझ्यावर खोट्या साक्षीचा खटला भराच, असे आव्हान दिले. खटला भरला गेला नाही.

इथपर्यंतची गोष्ट आपल्याला आवडते. म्हणून आपण इथेच थांबतो. पण याच माणसाची आणखी एक चित्रफीत आहे, आणि ती आपल्या ग्रुपवर कुणी पाठवत नाही.

जानेवारी १९९४. बगदाद. सद्दाम हुसेन समोर आहेत. गॅलोवे इंग्रजीत बोलतात आणि भाषणाच्या ओघात त्यांच्या धैर्याला, सामर्थ्याला आणि न थकणाऱ्या जिद्दीला सलाम करतात. हा सलाम इराकी जनतेला होता, सद्दामला नव्हे, असे त्यांनी नंतर वारंवार सांगितले. १९८० च्या दशकात पाश्चात्त्य सरकारे सद्दामला पोसत होती तेव्हा मी इराकी दूतावासासमोर निदर्शने करत होतो, असेही ते सांगतात. त्यांची बाजू ऐकून घेऊ. तरीही ते शब्द ज्या खोलीत उच्चारले गेले, तिथे समोर कोण बसले होते?

मार्च १९८८ मध्ये हलबजावर विषारी वायू सोडला गेला. एका दिवसात हजारो कुर्द मेले. मेलेली माणसे मुसलमान होती, मारणाराही मुसलमान म्हणवत होता. १९९१ मध्ये दक्षिण इराकमधल्या शिया बंडाचे काय झाले, हेही १९९४ पर्यंत लपून राहिलेले नव्हते. तुरुंगात खितपत पडलेल्या एखाद्या इराकी माणसाने त्या रात्री दूरचित्रवाणीवर तो सलाम ऐकला असेल, तर त्याला काय वाटले असेल?

आपल्या दीनमध्ये जालीम सत्ताधीशासमोर खरे बोलण्याला फार मोठे स्थान आहे. लहानपणापासून आपण ते ऐकत आलो. पण यात एक बारीक गोष्ट आहे. सत्य कुणासमोर बोललो यावर त्याचे वजन ठरते. वॉशिंग्टनमध्ये गॅलोवे सत्तेच्या समोर उभे राहून सत्तेविरुद्ध बोलले. बगदादमध्ये सत्तेच्या समोर उभे राहिले, तेव्हा तिच्याविरुद्ध बोलले नाहीत. २००५ मध्ये दमास्कसलाही त्यांनी बशर अल-असद यांची स्तुती केली. पुढे सीरियात काय घडले ते आपल्या पिढीने पाहिले आहे. अमेरिकेचा शत्रू तो आपला मित्र, हे गणित फार सोपे आहे, आणि दरवेळी त्याची किंमत त्या शत्रूच्या तुरुंगातली साधी माणसे मोजतात. न्यायाची साक्ष आपल्या जवळच्यांविरुद्ध, वेळ आली तर स्वतःविरुद्धही द्यायची, ही कुरआनची शिकवण आहे. त्यात 'आपली छावणी' नावाची सवलत कुठेही नाही.

हे मी गॅलोवे यांना दोष देण्यासाठी सांगत नाही. ते कॅथलिक आहेत. त्यांनी इस्लाम स्वीकारल्याच्या अफवा अधूनमधून उठतात आणि त्यांनी त्या नाकारल्या आहेत. आपण मात्र त्या अफवा आनंदाने पुढे पाठवतो. प्रश्न आपला आहे. १९९४ ची चित्रफीत समोर आली की आपण ती 'विरोधकांचा प्रचार' म्हणून बाजूला का टाकतो?

दुसरी गोष्ट प्रतिनिधित्वाची.

मे २००५ मध्ये गॅलोवे 'रिस्पेक्ट' या नव्या पक्षाकडून पूर्व लंडनच्या बेथनल ग्रीन अँड बो मतदारसंघात उभे राहिले. सिल्हेटहून आलेल्या बांगलादेशी कुटुंबांची ही दाट वस्ती. मजूर पक्षाच्या ऊना किंग यांनी इराक युद्धाच्या बाजूने मत दिले होते. गॅलोवे ८२३ मतांनी जिंकले. पुढच्या वर्षी टॉवर हॅम्लेट्स कौन्सिलच्या निवडणुकीत रिस्पेक्टचे १२ नगरसेवक आले. एका युद्धविरोधी चळवळीतून दोन-तीन वर्षांत एवढे उभे राहणे ही साधी गोष्ट नव्हती.

आणि जानेवारी २००६ मध्ये त्या मतदारसंघाचा खासदार 'सेलिब्रिटी बिग ब्रदर' या दूरचित्रवाणी कार्यक्रमाच्या घरात जाऊन बसला. जवळपास तीन आठवडे बाहेरच्या जगाशी संपर्क नाही. एका खेळात ते मांजर होऊन रांगले आणि एका अभिनेत्रीच्या ओंजळीतून दूध पिण्याचा अभिनय केला. तरुणांपर्यंत पोहोचण्यासाठी आणि एका पॅलेस्टिनी मदत संस्थेला पैसे मिळवून देण्यासाठी गेलो, असे त्यांचे म्हणणे. पण पूर्व लंडनमध्ये एकेका खोलीत पाच-सहा माणसे राहत होती. घरासाठी वर्षानुवर्षे प्रतीक्षायादीत असलेल्या बाईने त्या तीन आठवड्यांत खासदाराकडे जायचे ठरवले असते, तर ती कुठे गेली असती? संसदेतल्या मतदानाच्या हजेरीतही त्यांचा क्रमांक तळाच्या खासदारांमध्ये लागत असे.

रिस्पेक्ट २००७ मध्ये फुटला. नगरसेवक विखुरले. २०१० मध्ये गॅलोवे शेजारच्या मतदारसंघात उभे राहून तिसरे आले, आणि बेथनल ग्रीन अँड बो मधून मजूर पक्षाच्या रुशनारा अली निवडून आल्या. बांगलादेशात जन्मलेली, त्याच वस्तीत वाढलेली मुलगी.

मला सर्वांत जास्त शिकवले ते ब्रॅडफर्डने. उत्तर इंग्लंडमधले हे लोकरीच्या गिरण्यांचे शहर. गिरण्यांसाठी मीरपूरहून माणसे आली, गिरण्या बंद पडल्या, माणसे राहिली. तिथले राजकारण कित्येक वर्षे 'बिरादरी'वर चालत असे. कुठल्या घराण्याचे किती मते, हे चार वडीलधारे ठरवत, आणि पक्षांचे पुढारी त्या चौघांना भेटले की काम झाले. हे वाचताना तुम्हाला आपला एखादा मोहल्ला आठवला असेल तर नवल नाही.

मार्च २०१२ मध्ये ब्रॅडफर्ड वेस्टला पोटनिवडणूक लागली. मजूर पक्षाचे उमेदवार होते इम्रान हुसेन. नाव मुसलमान, बिरादरी भक्कम, पक्ष प्रस्थापित. गॅलोवे यांनी तरुणांना आणि बायकांना थेट हाक दिली. घरातल्या मोठ्यांनी सांगितले तिथे शिक्का मारायचा, हा रिवाज त्या मुलामुलींनी मोडला. गॅलोवे यांना १८,३४१ मते पडली, हुसेन यांना ८,२०१. दहा हजारांहून जास्त फरक. मुस्लिम मतदार नाव बघून मत देतो, असे म्हणणाऱ्यांना त्या दिवशी उत्तर मिळाले. दोन महिन्यांत रिस्पेक्टचे पाच नगरसेवकही निवडून आले. त्यांतल्या एकाने तर कौन्सिलच्या प्रमुखालाच हरवले.

मग काय झाले? गॅलोवे यांचे कार्यक्रम दूरचित्रवाणी वाहिन्यांवर चालू राहिले. ते लंडनच्या महापौरपदाची भाषा बोलू लागले. ब्रॅडफर्डच्या नगरसेवकांना प्रश्न पडला की आपला खासदार नक्की कुठला? २०१३ संपण्यापूर्वी पाचही जण पक्षाबाहेर होते.

त्याआधीच, सप्टेंबर २०१२ मध्ये, पक्षाच्या नेत्या सलमा याकूब यांनी राजीनामा दिला होता. सलमा याकूब या बर्मिंगहॅमच्या. हिजाब घालणाऱ्या, मानसोपचाराचे काम करणाऱ्या, युद्धविरोधी चळवळीतून पुढे आलेल्या आणि नगरसेविका म्हणून वस्तीत काम केलेल्या. ज्युलियन असांज यांच्यावरच्या आरोपांबद्दल गॅलोवे अशा अर्थाचे बोलले की आरोप खरे मानले तरी त्याला बलात्कार म्हणता येणार नाही. सलमा यांना ते पटले नाही. साम्राज्यवादाविरुद्ध लढायचे म्हणून स्त्रियांच्या हक्कांबाबत गप्प बसायचे, ही निवड त्यांनी नाकारली. आपल्याकडच्या मुलींना गॅलोवे यांचे नाव माहीत असते. सलमा याकूब यांचे नाव मी विचारतो तेव्हा क्वचितच एखादा हात वर होतो.

२०१५ मध्ये ब्रॅडफर्डमध्ये गॅलोवे यांच्यासमोर नाझ शाह उभ्या राहिल्या. त्यांनी एका खुल्या पत्रात स्वतःचे आयुष्य मांडले होते. पंधराव्या वर्षी पाकिस्तानात नेऊन आपले लग्न बळजबरीने लावले गेले, असे त्यांनी लिहिले. गॅलोवे यांनी प्रचारात निकाहनाम्याचा हवाला देऊन तेव्हा त्यांचे वय सोळा पूर्ण होते, असा वाद काढला. पंधरा की सोळा! ज्या निकाहाला मुलीची राजीखुशी नाही, तो जुलूम आहे, मग तिचे वय काहीही असो. ब्रॅडफर्डच्या आयाबहिणींना हे कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. नाझ शाह ११,४२० मतांनी जिंकल्या. तीन वर्षांपूर्वी ज्यांनी गॅलोवे यांना डोक्यावर घेतले, त्याच गल्ल्यांनी त्यांना परत पाठवले. ब्रॅडफर्डच्या मतदारांची ही दोन्ही मते मला सारखीच शहाणपणाची वाटतात. पहिल्यात त्यांनी बिरादरीला नाही म्हटले, दुसऱ्यात स्वतःच निवडलेल्या माणसाला.

तिसरी गोष्ट पैशाची. यावर आपण बोलायला कचरतो, म्हणून मुद्दाम बोलतो. 'मरियम अपील'ची चौकशी चॅरिटी कमिशनने केली. ही मोहीम धर्मादाय संस्था म्हणून नोंदवायला हवी होती, ती नोंदवली नव्हती. एका मोठ्या देणगीदाराचा पैसा इराकच्या 'तेलाच्या बदल्यात अन्न' योजनेतल्या व्यवहारांशी जोडलेला होता, असा निष्कर्ष २००७ मध्ये निघाला. गॅलोवे यांनी तो फेटाळला. त्याच वर्षी संसदेने त्यांना १८ दिवसांसाठी निलंबित केले. त्यांना वैयक्तिक आर्थिक लाभ झाल्याचा पुरावा नाही, असे संसदीय समितीनेच नमूद केले, आणि हे न विसरता सांगितले पाहिजे. पण माणूस प्रामाणिक असणे आणि हिशोब चोख असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मरियमच्या नावाने दिलेला पैसा ही अमानत होती. देणारा कोण, पैसा आला कुठून, खर्च कशावर झाला, याची वही कुणीही मागितली की उघडता आली पाहिजे. आपण पूरग्रस्तांसाठी, वसतिगृहासाठी, एखाद्याच्या शस्त्रक्रियेसाठी वर्गणी गोळा करतो तेव्हा "आपलेच लोक आहेत, हिशोब कसला मागायचा" हे वाक्य किती सहज निघते! नेक हेतूला वहीची भीती वाटायचे कारण नाही. वही नसली की मात्र नेक हेतूवरही चिखल उडवता येतो, आणि उडवणारे टपून असतात.

शेवटचे पान रॉचडेलचे. गाझात ऑक्टोबर २०२३ पासून जे सुरू झाले, त्यावर मजूर पक्षाच्या भूमिकेने ब्रिटनमधले मुस्लिम मतदार दुखावले होते. फेब्रुवारी २०२४ मध्ये रॉचडेलला पोटनिवडणूक झाली. मजूर पक्षाने ऐनवेळी आपल्याच उमेदवाराचा पाठिंबा काढून घेतला. ६९ वर्षांचे गॅलोवे 'वर्कर्स पार्टी'कडून १२,३३५ मते घेऊन जिंकले, आणि हा विजय गाझासाठी आहे, असे त्यांनी कियर स्टार्मर यांना व्यासपीठावरूनच बजावले. पंतप्रधान ऋषी सुनक यांनी दुसऱ्या दिवशी डाउनिंग स्ट्रीटच्या दारात उभे राहून या निकालाबद्दल चिंता व्यक्त केली. एका गिरणीगावाच्या मतदानाने सत्तेला असे दचकवले.

पण जुलैत सार्वत्रिक निवडणूक आली आणि रॉचडेल हातचे गेले, सुमारे १,४०० मतांच्या फरकाने. गॅलोवे पुन्हा माजी खासदार झाले. त्याच ४ जुलैला लेस्टर साउथमधून शौकत अ‍ॅडम, ब्लॅकबर्नमधून अदनान हुसेन, ड्यूजबरी अँड बॅटलीमधून इक्बाल मोहम्मद आणि बर्मिंगहॅम पेरी बारमधून अयूब खान हे अपक्ष निवडून आले. यांतले एक डोळे तपासणारे, एक वकील. ब्लॅकबर्नचा फरक तर अवघा १३२ मतांचा. गाझाचा मुद्दा सगळ्यांचाच होता. हे चौघे पुढे कसे काम करतात ते मतदार बघतील, त्यांनाही हीच फूटपट्टी लावावी लागेल. पण देशभर गाजणारे नाव आणि वक्तृत्वाची कीर्ती नसतानाही निवडून येता येते, एवढे त्या रात्री दिसले.

तर त्या मुलाचा प्रश्न. "आपल्याला असा एक तरी नेता का मिळत नाही?"

मागच्या रविवारी आम्ही अभ्यासवर्तुळात दोन्ही चित्रफिती पाठोपाठ पाहिल्या. आधी वॉशिंग्टन, मग बगदाद. पहिलीला मुलांनी टाळ्या वाजवल्या. दुसरी संपल्यावर खोलीत बराच वेळ कुणी बोलले नाही. मी त्या मुलाला म्हणालो, गॅलोवे यांच्याकडून घ्यायचे ते जरूर घे. कागद पाठ करून जा. पक्ष गेला तरी भूमिका सोडू नकोस. ज्यांची मते मिळणार नाहीत त्यांच्या दुःखासाठीही बोल, नाब्लुससाठी डंडीतून ते बोलले तसे. पण 'मिळणे' हा शब्द सोड. नेता मिळावा म्हणून वाट बघणारी वस्ती आणि आपल्यातल्या माणसाला उभे करून त्याच्याकडून दर महिन्याला काम मागणारी वस्ती, यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो. ब्रॅडफर्डने हा फरक तीन वर्षांत शिकून घेतला.

मागे बसलेली एक मुलगी म्हणाली, "मग सर, सलाम कुणालाच करायचा नाही का?"

मी म्हटले, "सलाम तर सगळ्यांना करायचा, तो आपला रिवाज आहे. जालीमासमोर गेलीस तरी कर. त्यानंतर काय बोलतेस, ते महत्त्वाचे."

तिने वहीत काही तरी लिहून घेतले. मग आम्ही त्या दिवसाच्या दुसऱ्या विषयाकडे वळलो. वॉर्डातल्या उर्दू शाळेच्या गळक्या छताचा अर्ज तिसऱ्यांदा द्यायचा होता, आणि या वेळी नगरसेवकाकडे कोण जाणार ते ठरायचे होते. हात वर झाले ते सहा. त्यांत तिचा होता. त्या मुलाचाही.